सुमेरियन संस्कृतीचे भग्नावशेष आणि वारसा : एक चिकित्सक अभ्यास

प्रस्तावना

मानवी संस्कृतीचा इतिहास शिकविताना सुमेरचे नाव पहिल्या काही पानांतच येते. नगर, लेखन, कायदा, शाळा, गणित अशा अनेक गोष्टींच्या प्रारंभाचे श्रेय या संस्कृतीला देऊन आपली पाठ्यपुस्तके बॅबिलोन व इजिप्तकडे वळतात. त्यामुळे विद्यार्थ्यांच्या मनात सुमेर म्हणजे 'जगातील पहिल्या गोष्टींची यादी' एवढेच चित्र उरते. ही माहिती आपणास नेमकी कशातून मिळाली आणि ज्या अवशेषांतून ती मिळाली त्यांची आज काय अवस्था आहे, हे दोन प्रश्न मात्र क्वचितच विचारले जातात.

वस्तुतः हे दोन्ही प्रश्न एकमेकांत गुंतलेले आहेत. सुमेरच्या लोकांजवळ दगड नव्हता, चांगले इमारती लाकूड नव्हते आणि धातूही नव्हता. त्यांनी नगरे बांधली ती मातीची आणि लिहिले तेही मातीवर. अशा संस्कृतीचा इतिहास सुट्या वस्तूंत कमी आणि वस्तू ज्या थरात, ज्या खोलीत, ज्या दुसऱ्या वस्तूजवळ सापडली त्या संदर्भात अधिक असतो. हा संदर्भ एकदा मोडला की तो पुन्हा जोडता येत नाही. गेल्या तीन-साडेतीन दशकांत दक्षिण इराकमध्ये नेमके हेच मोठ्या प्रमाणावर घडले. या पार्श्वभूमीवर प्रस्तुत लेखात सुमेरियन अवशेषांचे स्वरूप व त्यांतून सिद्ध होणारा वारसा यांचा परामर्श घेतला आहे.

उद्दिष्टे

१. सुमेरियन संस्कृतीच्या शोधाचा इतिहास थोडक्यात मांडणे.
२. प्रमुख स्थळांच्या उत्खननातून मिळालेल्या पुराव्याचे स्वरूप स्पष्ट करणे.
३. लेखन, शिक्षण, कायदा व गणित या क्षेत्रांतील वारशाचे मूल्यमापन करणे.
४. अवशेषांच्या लुटीमुळे ज्ञानाची जी हानी होते तिचे स्वरूप समजून घेणे.

भूमी आणि काळ

टायग्रिस व युफ्रेटिस या दोन नद्यांच्या खालच्या खोऱ्यात, आजच्या बगदादच्या दक्षिणेपासून इराणच्या आखातापर्यंत पसरलेला सपाट गाळाचा प्रदेश म्हणजे प्राचीन सुमेर. येथे वार्षिक पाऊस २०० मिलिमीटरपेक्षाही कमी पडतो. म्हणजे कोरडवाहू शेती अशक्यच. नदीचे पाणी कालव्यांनी शेतात आणले तरच सातू, गहू आणि खजूर पिकणार. दक्षिणेकडील दलदलीच्या भागात मासे, पाणपक्षी आणि बोरू विपुल होता. माती, पाणी आणि बोरू या तीन गोष्टींवर ही संस्कृती उभी राहिली, असे म्हटल्यास अतिशयोक्ती होणार नाही.

कालदृष्ट्या, इ.स.पू. चौथ्या सहस्रकात उरुक या नगराचा उदय झाला. त्यानंतर सुमारे इ.स.पू. २९०० ते २३५० हा प्रारंभिक राजवंशांचा काळ होय. या काळात ऊर, लगाश, उम्मा, निप्पूर, किश अशी नगरराज्ये नांदत होती व पाण्यासाठी आणि शेतजमिनीसाठी परस्परांत लढतही होती. पुढे अक्कडच्या सारगॉनने ही नगरे एका सत्तेखाली आणली. ऊरच्या तिसऱ्या राजवंशाच्या काळात, म्हणजे सुमारे इ.स.पू. २११२ ते २००४ या शतकात, सुमेरियन सत्तेचे पुनरुज्जीवन झाले. इ.स.पू. २००४ च्या सुमारास एलामच्या आक्रमणाने ऊरचा पाडाव झाला आणि सुमेरचा राजकीय इतिहास संपला. भाषेचा इतिहास मात्र संपला नाही. त्याचा विचार पुढे केला आहे.

विस्मरण आणि पुनःशोध

बॅबिलोन व असिरिया यांची नावे बायबल आणि ग्रीक ग्रंथांमुळे लोकस्मृतीत टिकून होती. सुमेरचे नाव मात्र पूर्णपणे पुसले गेले होते. एकोणिसाव्या शतकाच्या मध्यापर्यंत असे लोक होऊन गेले याची कोणास कल्पनाही नव्हती. सुमेरचा शोध हा प्रथम कुदळीने नव्हे, तर व्याकरणाने लागला, ही गोष्ट भाषेच्या अभ्यासकांनी आवर्जून लक्षात घेण्यासारखी आहे.

इराणमधील बेहिस्तुन येथील डेरियस राजाचा शिलालेख प्राचीन फारसी, एलामाइट आणि बॅबिलोनियन या तीन भाषांत कोरलेला आहे. त्याच्या प्रती घेणाऱ्या हेन्री रॉलिन्सनची कारकीर्द मुंबई लष्करात सुरू झाली होती. १८२७ मध्ये तो ईस्ट इंडिया कंपनीच्या सेवेत हिंदुस्थानात आला आणि येथेच त्याने पौर्वात्य भाषांचा अभ्यास आरंभिला. आयरिश धर्मोपदेशक एडवर्ड हिंक्स व फ्रान्समधील विद्वान ज्यूल्स ओपर्ट हेही याच काळात क्यूनिफॉर्म लिपीचा उलगडा करीत होते. १८५७ मध्ये लंडनच्या रॉयल एशियाटिक सोसायटीने एक नवा सापडलेला असिरियन लेख रॉलिन्सन, हिंक्स, ओपर्ट व टॅलबट या चौघांकडे स्वतंत्रपणे दिला. चौघांची भाषांतरे मोठ्या प्रमाणात जुळली आणि लिपी वाचता येते हे मान्य झाले.

परंतु या वाचनातून एक अडचण पुढे आली. बॅबिलोनियन ही अरबी व हिब्रू यांच्या कुळातील सेमिटिक भाषा. पण लिपीतील चिन्हांची उच्चारमूल्ये त्या भाषेतील शब्दांशी जुळत नव्हती. यावरून ही लिपी मुळात दुसऱ्याच, सेमिटिक नसलेल्या लोकांनी घडविली असावी, असे अनुमान हिंक्सने काढले. 'सुमेर व अक्कडचा राजा' या प्राचीन बिरुदाच्या आधारे १८६९ मध्ये ओपर्टने त्या लोकांना 'सुमेरियन' हे नाव दिले. याला कडवा विरोधही झाला. जोसेफ हालेव्ही या विद्वानाने १८७४ पासून असे प्रतिपादन केले की, सुमेरियन नावाची भाषाच नव्हती. सेमिटिक पुरोहितांनी निर्माण केलेली ती एक सांकेतिक लेखनपद्धती होती.

या वादात निर्णायक ठरली ती माती. १८७७ मध्ये अर्नेस्ट द सारझेक या फ्रेंच अधिकाऱ्याने तेलो येथे, म्हणजे प्राचीन गिर्सू येथे, उत्खनन सुरू केले. तेथे गुडिया या राजाचे काळ्या डायोराइट दगडातील पुतळे आणि सहस्रावधी मृत्तिकापट्टिका मिळाल्या. संपूर्णपणे सुमेरियन भाषेतील एवढे लेखन हाती आल्यावर ही भाषा कृत्रिम आहे हे म्हणणे टिकणे कठीण झाले. १९२३ मध्ये आर्नो पोबेल याने तिचे शास्त्रशुद्ध व्याकरण प्रसिद्ध केले. प्रत्यय जोडत जाणाऱ्या या भाषेचे जगातील अन्य कोणत्याही भाषेशी नाते अद्याप सिद्ध झालेले नाही.

याच तेलोच्या इतिहासात पुढील अनर्थाचीही नांदी आहे. सारझेकच्या अनुपस्थितीत एकोणिसाव्या शतकाच्या अखेरीस येथून हजारो पट्टिका चोरीने उकरल्या गेल्या व युरोप-अमेरिकेच्या बाजारांत विखुरल्या.

अवशेषांचे स्वरूप

महाराष्ट्रातील खेड्यांत जुन्या वस्तीच्या उंचवट्यास 'पांढर' म्हणतात व आपले पुरातत्त्वज्ञ 'पांढरीची टेकाडे' असा शब्दप्रयोग करतात. सुमेरची नगरेही आज अशाच टेकाडांच्या रूपात उभी आहेत. कच्च्या विटांचे घर काही दशकांत ढासळते. त्यावरच सपाटी करून नवे घर बांधले जाते. असे शतकानुशतके घडत गेल्याने थरावर थर चढतात. अशा ठिकाणी भिंत व भोवतालची माती यांत फरक करणे हेच मुळात कौशल्याचे काम असते. यातील तीन स्थळांचा येथे विचार करू.

एरिडू : सुमेरियन परंपरेत एरिडू हे सर्वांत आधीचे नगर मानले जाई. फुआद सफर हे इराकी पुरातत्त्वज्ञ व सेटन लॉइड यांनी १९४६ ते १९४९ या काळात येथे उत्खनन केले. एकाच जागेवर एकावर एक बांधलेल्या मंदिरांचे अठरा स्तर त्यांना आढळले. सर्वांत खालचे मंदिर म्हणजे एक लहानशी खोली होती. वरच्या स्तरांतील मंदिरांत वेदीजवळ माशांची हाडे मिळाली. एका देवस्थानाचे सातत्य दीड-दोन सहस्रके टिकले, हा निष्कर्ष एखाद्या सुंदर मूर्तीवरून नव्हे, तर केवळ स्तरांच्या क्रमावरून काढता आला.

उरुक : आजच्या वारका येथील हे नगर इ.स.पू. २९०० च्या सुमारास सुमारे साडेपाच चौरस किलोमीटर क्षेत्रावर पसरले होते व त्याच्या तटाची लांबी नऊ किलोमीटरहून अधिक होती. १९१२ पासून येथे जर्मन संशोधकांनी काम केले. इआन्ना या मंदिर-परिसरात जगातील सर्वांत जुन्या लेखी पट्टिका मिळाल्या. त्यांची संख्या सुमारे पाच हजार आहे. त्या कोणी जपून ठेवलेल्या नव्हत्या. काम संपल्यावर फेकून दिलेल्या व पुढील बांधकामात भराव म्हणून वापरलेल्या होत्या. त्यांतील बहुतांश मजकूर धान्य, मेंढ्या, कापड, मजुरांचे शिधे यांच्या नोंदींचा आहे. उर्वरित भाग शब्दांच्या याद्यांचा आहे. लेखनाचा जन्म काव्यातून किंवा स्तोत्रातून नव्हे, तर हिशेबातून झाला, हा महत्त्वाचा निष्कर्ष या भरावातून हाती आला.

ऊर : लिओनार्ड वुली याने १९२२ ते १९३४ या काळात केलेल्या उत्खननामुळे ऊर जगप्रसिद्ध झाले. ऊर-नम्मू राजाने आरंभिलेला व शुल्गीने पूर्ण केलेला तेथील झिगुरात, म्हणजे पायऱ्यापायऱ्यांचा मंदिरमनोरा, आजही दुरून दिसतो. त्याचे दर्शनी बांधकाम विसाव्या शतकात पुन्हा उभारलेले आहे. वुलीला सुमारे १,८५० दफने आढळली. त्यांपैकी सोळांना त्याने 'राजदफने' म्हटले. एका खड्ड्यात चौऱ्याहत्तर सेवकांचे सांगाडे होते व त्यांतील बहुतेक स्त्रिया होत्या. सोने, अफगाणिस्तानातील बदख्शानचा लाजवर्द आणि तांबड्या अकीकाचे मणी यांनी ही दफने भरलेली होती.

यांतील दोन गोष्टी पद्धतीच्या दृष्टीने उद्बोधक आहेत. पुआबी या राणीचे नाव आपणास कळले ते तिच्या देहाजवळ सापडलेल्या दंडगोल मुद्रेमुळे. तीच मुद्रा बाजारात सुटी मिळाली असती तर तिच्यावरील नाव वाचता आले असते; परंतु सुवर्णपुष्पांचा मुकुट ल्यालेली स्त्री ती हीच, हे कधीच कळले नसते. दुसरे असे की, दफनांतील वीणांचे लाकूड कुजून गेले होते व मातीत केवळ पोकळी उरली होती. वुलीने त्या पोकळीत प्लास्टर ओतून वाद्याचा आकार वाचविला. चोराच्या कुदळीला तेथे फक्त सोन्याचे बैलाचे मस्तक दिसले असते. वीणा दिसली नसती.

तत्कालीन कायद्यानुसार ऊर येथील वस्तूंची लंडन, फिलाडेल्फिया व बगदाद यांमध्ये वाटणी झाली. त्यामुळे एकाच दफनभूमीतील वस्तू आज तीन खंडांत पाहाव्या लागतात. परंतु वुलीच्या नोंदी प्रसिद्ध असल्याने त्या कागदावर तरी पुन्हा एकत्र आणता येतात.

मातीच्या पाटीवरील शाळा

अध्यापकांना विशेष जिव्हाळ्याचा वाटावा असा पुरावा निप्पूर येथील आहे. १९५१-५२ च्या हंगामात तेथे एक लहानसे घर उघडकीस आले. अभ्यासक त्याला 'फ घर' या अर्थाच्या रोमन अक्षराने ओळखतात. इ.स.पू. अठराव्या शतकातील या साध्या घरातून सुमारे १,४०० पट्टिका व त्यांचे तुकडे मिळाले. ते जमिनीत, भिंतीत आणि बाकांच्या बांधकामात वापरलेले होते. अंगणात जुन्या पट्टिका भिजवून पुन्हा माती मळण्यासाठी केलेले कुंडही होते. ही एक शाळा होती. सुमेरियन भाषेत शाळेस 'एदुब्बा' म्हणत.

या पट्टिकांच्या अभ्यासातून त्या काळचा अभ्यासक्रम पुन्हा उभा करता आला आहे. एलिनॉर रॉबसन यांचे या घरावरील संशोधन प्रसिद्ध आहे. विद्यार्थी प्रथम बोरूने ओल्या मातीवर उभ्या-आडव्या खुणा उमटविण्यास शिके. मग अक्षरचिन्हे, त्यानंतर व्यक्तिनामे, त्यानंतर वृक्ष व लाकडी वस्तू, भांडी, कातडे, धातू, प्राणी, दगड, गावे, अन्नपदार्थ यांच्या लांबलचक याद्या पाठ कराव्या लागत. पुढे गुणाकाराचे पाढे, करारनाम्यांचे नमुने आणि म्हणी येत. सर्वांत शेवटी स्तोत्रे व कथाकाव्ये. अनेक पट्टिकांवर एका बाजूस गुरूचा सुबक कित्ता आणि शेजारी विद्यार्थ्याने गिरविलेली ओबडधोबड नक्कल दिसते. गिरविलेला भाग वारंवार पुसल्याने तेथील माती झिजून पातळ झालेली आढळते.

लक्षात घेण्यासारखी गोष्ट अशी की, हे विद्यार्थी घरी अक्कडियन बोलत असत. सुमेरियन ही तोपर्यंत कोणाचीही मातृभाषा उरली नव्हती. तरीही विद्या, धर्म आणि कारभार यांची प्रतिष्ठित भाषा म्हणून ती शिकविली जात होती व इ.स.च्या पहिल्या शतकापर्यंत पुरोहित व ज्योतिषी यांच्या वर्तुळात ती टिकून राहिली. बोलीतून गेलेली भाषा विद्येच्या बळावर दीर्घकाळ जगू शकते, हे संस्कृतचा इतिहास जाणणाऱ्यास वेगळे सांगावयास नको. आज आपण जे सुमेरियन वाङ्मय वाचतो, त्यातील फार मोठा भाग या शालेय नकलांमुळेच हाती आला आहे.

वारसा : सिद्ध काय आणि अतिशयोक्त काय

कायदा : ऊर-नम्मूच्या नावे ओळखली जाणारी विधिसंहिता हम्मुराबीच्या संहितेपूर्वी सुमारे तीन शतकांची आहे. ती शुल्गीची असावी असेही काही अभ्यासक मानतात. निप्पूर येथील व इस्तंबूलच्या संग्रहालयात असलेल्या पट्टिकेवरून सॅम्युएल नोआ क्रेमर याने १९५२ मध्ये ती प्रथम प्रकाशात आणली. या संहितेत शारीरिक इजेसाठी 'डोळ्यास डोळा' अशी शिक्षा नसून चांदीच्या रूपात दंड सांगितला आहे. प्रास्ताविकात अनाथ व विधवा यांना बलवानांच्या हवाली होऊ दिले नाही, असा राजाचा दावा आहे. राजाचा दावा म्हणजे समाजाचे वास्तव नव्हे, हे भान ठेवूनही राजाने असा दावा करणे आवश्यक मानले, ही बाब महत्त्वाची ठरते. खून, दरोडा यांसाठी मात्र याच संहितेत मृत्युदंड आहे.

गणित व कालमापन : सुमेरियन मोजणी साठ या संख्येवर आधारलेली होती. साठला दोन, तीन, चार, पाच, सहा, दहा, बारा, पंधरा, वीस व तीस यांनी भाग जात असल्याने शिधावाटप व जमीनमोजणीस ती सोयीची होती. ऊरच्या तिसऱ्या राजवंशाच्या अखेरीस अंकाचे मूल्य त्याच्या स्थानावरून ठरविण्याची पद्धत रूढ झाली. बॅबिलोनियन ज्योतिष व पुढे ग्रीक ज्योतिष यांच्या मार्गे तासाची साठ मिनिटे व मिनिटाचे साठ सेकंद आपल्यापर्यंत पोहोचले. दिवसाचे चोवीस तास मात्र इजिप्तची देणगी होय. भारतीय परंपरेतील अहोरात्राच्या साठ घटिका व घटिकेची साठ पळे पाहून थेट सुमेरचे नाते जोडण्याचा मोह होतो. परंतु या साम्याच्या मुळाविषयी अभ्यासकांत एकमत नाही. म्हणून वर्गात हा मुद्दा प्रश्न म्हणून मांडावा, सिद्धान्त म्हणून नव्हे.

साहित्य : गिल्गामेशविषयी पाच स्वतंत्र सुमेरियन काव्ये उपलब्ध आहेत, सुप्रसिद्ध अक्कडियन महाकाव्य त्यानंतरचे होय. प्रलयाची कथाही सुमेरियन भाषेत झिउसुद्रा या नायकाच्या नावे आढळते. सारगॉनची कन्या व ऊर येथील चंद्रदेवतेची प्रधान पुरोहिता एन्हेदुअन्ना हिच्या नावावर काही स्तोत्रे आहेत. ती सर्व तिनेच रचली काय, याविषयी वाद असला तरी तिचे ऐतिहासिक अस्तित्व १९२७ मध्ये ऊर येथे मिळालेल्या कोरीव चकतीमुळे निर्विवाद ठरले आहे.

अमुक गोष्ट 'जगात प्रथम' सुमेरमध्ये झाली, अशी विधाने करताना सावधगिरी हवी. तेथील माती टिकाऊ ठरली म्हणून तेथील पुरावा उरला. ताडपत्रावर किंवा कापडावर लिहिणाऱ्यांचा उरला नाही. सुमेरचे महत्त्व प्रथम क्रमांकात नसून, एका समाजाचा दैनंदिन कारभार इतक्या तपशिलाने इतक्या प्राचीन काळापासून वाचता येतो, यात आहे.

मेलुहाची गलबते

सुमेर व भारतीय उपखंड यांचा संबंध कल्पित नाही. तो लेखी व वस्तुरूप अशा दोन्ही पुराव्यांनी सिद्ध आहे. दिलमुन, मगान व मेलुहा येथील जहाजे आपल्या राजधानीच्या धक्क्यास लागतात, असे सारगॉनच्या लेखात म्हटले आहे. दिलमुन म्हणजे बहारीन परिसर, मगान म्हणजे ओमान परिसर आणि मेलुहा म्हणजे सिंधू संस्कृतीचा प्रदेश, असे आज बहुतेक अभ्यासक मानतात. गुडियाच्या लेखांत मेलुहाहून आलेल्या लाकडाचा व अकीकाचा उल्लेख आहे. पॅरिसच्या लूव्र संग्रहालयातील एका मुद्रेवर 'शु-इलिशु' या व्यक्तीचे नाव असून ती मेलुहाच्या भाषेची दुभाषी असल्याचे म्हटले आहे. सिंधू धर्तीच्या मुद्रा ऊर येथे मिळाल्या व त्या सी. जे. गॅड यांनी १९३२ मध्ये प्रसिद्ध केल्या. इकडे गुजरातमधील लोथल येथेही इराणच्या आखातातील धर्तीची मुद्रा मिळाली आहे. दामोदर धर्मानंद कोसंबी यांनीही आपल्या इतिहासलेखनात या व्यापाराची दखल घेतली आहे.

सिंधू लिपी अद्याप वाचता आलेली नाही. त्यामुळे सिंधू लोकांविषयी त्यांच्या समकालीनांनी लिहून ठेवलेले जे थोडेफार आहे, ते सुमेर व अक्कडच्या पट्टिकांतच आहे. शु-इलिशुसारख्या दुभाष्याने तयार केलेली द्विभाषिक पट्टिका एखाद्या टेकाडात असू शकेल, ही आशा अवास्तव नाही. म्हणूनच दक्षिण इराकमधील टेकाडांचे रक्षण हा भारतीय इतिहासाच्या अभ्यासकांच्याही हिताचा प्रश्न आहे.

ऱ्हास : पाणी आणि क्षार

सुमेरच्या ऱ्हासाची राजकीय कारणे वर आलीच आहेत. त्यांच्या जोडीला एक पर्यावरणीय कारण सांगितले जाते. थॉर्किल्ड जेकबसेन व रॉबर्ट ॲडम्स यांनी १९५८ मध्ये असे मांडले की, निचऱ्याची सोय नसताना सतत दिलेल्या कालव्याच्या पाण्याने भूजलपातळी वर आली, क्षार जमिनीच्या पृष्ठभागावर साचले आणि जमिनी क्षारपड झाल्या. त्यामुळे क्षार न सोसणारा गहू मागे पडून सातूचे प्रमाण वाढत गेले व पुढे उत्पादनही घटले. मार्विन पॉवेल यांनी १९८५ मध्ये या मांडणीतील आकडेवारीच्या अर्थाविषयी गंभीर शंका उपस्थित केल्या. आता क्षारीकरण घडले हे मान्य असले तरी ऱ्हासाचे एकमेव कारण म्हणून त्याकडे पाहिले जात नाही. नद्यांचे बदलते प्रवाह, कोरडे होत गेलेले हवामान आणि सत्तेचे विघटन यांचाही विचार केला जातो.

हाच क्षार आज अवशेषांचाही शत्रू आहे. भूजलातून वर चढणारे मीठ विटांच्या पृष्ठभागाशी स्फटिकरूप घेते आणि विटा भुसभुशीत होऊन झडतात. त्यात वाऱ्याची व अवकाळी पावसाची भर पडते.

अवशेषांची लूट

१९९० पासून इराकवर लादलेले आर्थिक निर्बंध व १९९१ चे आखाती युद्ध यांमुळे ग्रामीण भागात दारिद्र्य वाढले आणि पुरातत्त्व खात्याची यंत्रणा दुबळी झाली. याच दशकात उम्मासारख्या टेकाडांवर चोरटे उत्खनन सुरू झाले. मार्च २००३ मध्ये अमेरिका व तिच्या मित्रराष्ट्रांनी इराकवर आक्रमण केल्यानंतर स्थिती हाताबाहेर गेली. १० ते १२ एप्रिल २००३ या दिवसांत बगदादच्या राष्ट्रीय संग्रहालयातून सुमारे १५,००० वस्तू चोरीस गेल्या. सुमारे एक मीटर उंचीचे वारकाचे सुप्रसिद्ध कोरीव पात्र जून २००३ मध्ये तुकड्यांच्या स्वरूपात परत आले; वारकाचा संगमरवरी स्त्रीमुखवटा त्याच वर्षी सप्टेंबरमध्ये सापडला. ऊरची सुवर्णवीणा मोडलेल्या अवस्थेत आढळली. संयुक्त राष्ट्रांच्या सुरक्षा परिषदेने २२ मे २००३ च्या ठराव क्रमांक १४८३ द्वारे इराकमधून बेकायदा नेलेल्या सांस्कृतिक वस्तूंच्या व्यापारास प्रतिबंध केला.

संग्रहालयातील वस्तूंच्या नोंदी तरी होत्या. टेकाडांतून उकरलेल्या वस्तूंची नोंदच नसते. उम्मा, इसिन, अदाब या प्राचीन नगरांचे पृष्ठभाग खड्ड्यांनी चाळणीसारखे झाले. एलिझाबेथ स्टोन यांनी २००८ मध्ये प्रसिद्ध केलेल्या उपग्रह-चित्रांच्या अभ्यासानुसार दाट लुटीचे क्षेत्र १५ चौरस किलोमीटरहून अधिक भरते. इरिसाग्रिग नावाच्या नगराचे उदाहरण फार बोलके आहे. या नगराच्या शेकडो प्रशासकीय पट्टिका २००३ नंतर बाजारात आल्या व अभ्यासकांनी त्या वाचल्याही; परंतु त्या नेमक्या कोणत्या खोलीत, कोणत्या क्रमाने होत्या हे आता कधीच कळणार नाही. निप्पूरच्या शाळेतील १,४०० तुकडे असेच विकले गेले असते, तर त्यांतून अभ्यासक्रम उभा राहिला नसता. 'आणखी काही शालेय पट्टिका' एवढीच त्यांची नोंद झाली असती.

संदर्भ जपला गेल्यास काय साधते, याचेही एक उदाहरण देता येईल. लंडनमध्ये २००३ साली पोलिसांनी जप्त केलेल्या काही वस्तूंत तीन लेखांकित मातीचे शंकू होते. त्यांवर गिर्सू येथील एनिन्नू मंदिराचा उल्लेख होता. पुढे ब्रिटिश संग्रहालयाच्या पथकाने याच स्थळी शास्त्रीय उत्खनन केले असता भिंतीत बसविलेले तसेच शंकू आणि जवळच लुटारूंचे खड्डे आढळले. त्यामुळे वस्तूंचे मूळ स्थान सिद्ध होऊन २०१८ मध्ये त्या इराकला परत करण्यात आल्या. २०२१ मध्ये अमेरिकेतून सुमारे १७,००० वस्तू परत आल्या. गिल्गामेश-काव्याचा अंश असलेली सुमारे साडेतीन हजार वर्षांपूर्वीची पट्टिकाही त्याच वर्षी इराकच्या स्वाधीन झाली. वस्तू परत आल्या. त्यांचे मूळ थर मात्र परत येऊ शकत नाहीत.

२०१६ मध्ये ऊर, उरुक व एरिडू ही तीन स्थळे दक्षिण इराकच्या दलदलींसह युनेस्कोच्या जागतिक वारसा यादीत समाविष्ट झाली. इराकी पुरातत्त्वज्ञांची नवी पिढी प्रशिक्षित होत आहे आणि अनेक स्थळी उत्खनने पुन्हा सुरू झाली आहेत. क्यूनिफॉर्म पट्टिकांचे अंकीय संग्रह आता महाजालावर विनामूल्य उपलब्ध असल्याने आपल्या महाविद्यालयांतील अभ्यासकांनाही मूळ पुराव्यापर्यंत पोहोचणे शक्य आहे.

निष्कर्ष

१. सुमेरियन संस्कृतीचा शोध भाषाभ्यास व उत्खनन यांच्या परस्परपूरक कार्यातून लागला. यांपैकी एकाच साधनाने तो लागला नसता.

२. या संस्कृतीचा वारसा 'पहिल्या गोष्टींच्या यादी'पेक्षा लेखी कारभार, शालेय परंपरा, दंडाधारित कायदा व षष्टिमान गणना यांत अधिक खात्रीने दाखविता येतो.

३. मेलुहाविषयीच्या उल्लेखांमुळे सुमेरियन अवशेष हे सिंधू संस्कृतीच्या अभ्यासाचेही साधन आहेत.

४. मातीच्या संस्कृतीत वस्तूचे ज्ञानमूल्य तिच्या प्राप्तिसंदर्भावर अवलंबून असते. लुटीमुळे वस्तू कदाचित वाचते, पण तिच्याविषयीचे ज्ञान नष्ट होते.

समारोप

शेवटी एक गोष्ट नमूद करणे आवश्यक वाटते. हा प्रश्न केवळ दूरच्या इराकपुरता मर्यादित नाही. आपल्या महाविद्यालयांच्या इतिहास विभागांत विद्यार्थी व ग्रामस्थ नाणी, खापरे, मणी, मूर्तींचे तुकडे मोठ्या हौसेने आणून देतात. ती वस्तू कोणत्या गावी, कोणत्या शेतात, किती खोलीवर व कशाच्या शेजारी मिळाली, याची नोंद त्याच दिवशी करून घेणे आणि जागा अधिक न उकरता पुरातत्त्व विभागास कळविणे, एवढे तरी आपणास सहज करता येईल. निप्पूरच्या त्या लहान घरातील गुरूचे नाव आपणास ठाऊक नाही. परंतु त्याने काढून दिलेला कित्ता आणि विद्यार्थ्याने गिरविलेल्या चुका पावणेचार हजार वर्षांनंतरही वाचता येतात, कारण तेथील माती कोणी अवेळी उकरली नाही. सुमेरचा अभ्यास शिकविताना विद्यार्थ्यांच्या मनावर एवढे बिंबविता आले, तरी तो सार्थकी लागेल.